रामूचा ज्वालामुखी, माझी सही

रामेश्वर हा माझा पाठचा भाऊ. सख्खा. घरात रामू, कंपनीत रामेश. माझ्यापेक्षा सहा वर्षांनी लहान. आणि हे आधीच सांगून ठेवतो, त्याला गल्फ दाखवला तो मी. त्याच्या पासपोर्टच्या फॉर्मवर फोटो चिकटवला तो मी, विमानतळावर घ्यायला गेलो तो मी, त्याच्या हातात लोखंड घासायचा ग्राइंडर दिला तोही मीच. आज आमच्या गावात लोक रामूच्या गोष्टी सांगतात, तेव्हा सुरुवात माझ्यापासून करायची असते हे विसरतात.

मी सातवी पास. पण शारजाच्या हमरिया फ्री झोनमध्ये आमची शेड उभी राहिली तेव्हा तिथला पहिला बोल्ट आवळला तो ह्या हातानं. मोठमोठ्या पाइपलाइनींना बसवतात ते व्हॉल्व आम्ही जोडायचो. एकेक व्हॉल्व माणसाच्या उंचीचा. डिग्रीवाले इंजिनियर ड्रॉइंग पसरून बसायचे आणि मी नुसता कान लावून सांगायचो, साहेब, गळती इथे आहे. कधी चुकलो नाही. दत्ताराम फोरमन म्हटलं की गेटवरचा वॉचमनसुद्धा उभा राहायचा.

रामू माझ्या उलटा. दहावी झालेला, पण बोलायचं नाव नाही. त्याच्या पोटातलं ओठावर येत नसे. आमचे वडील सांगायचे, बडबड्याला मोकळा सोडा, मुक्यावर नजर ठेवा. ती नजर मी आयुष्यभर ठेवली.

आमचं घर संगमेश्वर तालुक्यात, गरम पाण्याच्या कुंडाच्या वरच्या अंगाला. थंडीत सकाळी कुंडावर वाफ दिसायची. आम्ही बाकीची पोरं तिथे पाय शेकायचो आणि घरी यायचो. रामू बसून राहायचा. "दादा, खालती जाळ कोण घालतं?" मी म्हणायचो, "देव घालतो, चल घरी." त्यानं शाळेत गुरुजींना विचारलं. गुरुजींनी फळ्यावर डोंगर काढला, आत लाल खडूनं आग काढली आणि खाली लिहिलं, ज्वालामुखी. त्या दिवसापासून पोराचं डोकं फिरलं असं आई म्हणायची. मी म्हणतो, फिरलं नाही, पण तिथे अडकलं.

आता आमच्या कंपनीचा एक कायदा सांगतो, कारण पुढचं सगळं त्याच्यावर आहे. आमचे पासपोर्ट ऑफिसच्या तिजोरीत. सुट्टीवर जायचं तर फॉर्म भरायचा आणि त्यावर कंपनीतल्याच एका माणसानं जामीन म्हणून सही करायची. गेलेला माणूस ठरल्या तारखेला परत आला नाही, तर जामीनदाराचा व्हिसा कॅन्सल. इतक्या वर्षांच्या नोकरीचा हिशेब खलास, तो घरी. म्हणून सही मागायला लोक मित्राच्या पाया पडायचे आणि मित्र बाथरूममध्ये लपायचे. माझं सोडा. माझ्या फॉर्मवर सही करायला आमच्या राहायच्या कॅम्पमध्ये रांग लागेल असं मी नेहमी म्हणायचो.

तर ही गोष्ट दोन हजार दोन सालची. त्याच्या आधीच्या थंडीत रामूची लक्षणं बदलली. पहिलं म्हणजे बूट. शारजातल्या रोल्याच्या जुन्या बाजारातून त्यानं चाळीस दिरहॅमचे बूट आणले. म्हणजे सव्वापाचशे रुपये! जड, घोट्याच्या वर येणारे, आणि आधी दुसऱ्या कोणीतरी वापरलेले.

"हे कशाला?" मी विचारलं.

"चालायला."

"कंपनीचे सेफ्टी बूट काय नाचायला दिलेत?"

नुसता हसला. म्हणजे काहीतरी होतं.

दुसरं, कामावरून आला की सिमेंटच्या रिकाम्या गोणीत वाळू भरायचा, ती पाठीला बांधायचा आणि कॅम्पच्या मागच्या अर्धवट बिल्डिंगचे जिने चढायचा. वर जायचा, खाली यायचा, परत वर. वीस वेळा. आमच्या खोलीतला युसुफ, खेडचा, कंपनीची पिकअप चालवायचा, तो खिडकीतून बघायचा आणि म्हणायचा, "दत्ताभाऊ, तुझा भाऊ हमालीची परीक्षा देतोय काय?"

तिसरं, शुक्रवार. आमचा सुट्टीचा एकच वार. सगळे कपडे धुवायचे, झोपायचे, मासळी आणायचे. रामू सकाळी सहाला गायब आणि संध्याकाळी परत. तोंड उन्हानं भाजलेलं, बुटांवर पांढरी धूळ. हमरियात अशी धूळ नाही. इथे समुद्राची वाळू, चिकटते. ही सुकी, पिठासारखी. मी बुटांचे तळ बोटानं घासून बघितले. फोरमनची नजर आहे ही.

मग एका गुरुवारी युसुफ अल ऐनला माल टाकून आला आणि माझ्या खाटेवर बसला. "भाऊ, रागावू नकोस. गेल्या शुक्रवारी मी ओव्हरटाइमला अल ऐनला होतो ना, तर जबल हफीतच्या पायथ्याशी तुझा रामू दिसला. एका गोऱ्याच्या गाडीतून उतरत होता."

"गोरा कोण?"

"आपला ब्रुनो."

ब्रुनो म्हणजे आमचा इटालियन इंजिनियर. टेस्टिंगचं मशीन बसवायला आलेला, दोन वर्षं राहिला, येत्या मे महिन्यात रिटायर होऊन घरी जाणार होता. साठीचा, केस पांढरे, पोट पुढे. माझा मान ठेवायचा, ते सांगायला पाहिजे. पण गोरा माणूस ग्राइंडरवाल्याला स्वतःच्या गाडीत कशाला बसवेल? युसुफ म्हणाला, "किडनी बघत असेल. इटलीत फार चालतं म्हणे." तो हसत होता. मला हसू आलं नाही.

पुढच्या शुक्रवारी मी युसुफला पिकअप काढायला लावली. अंधारातच निघालो. अल ऐनचा रस्ता सरळ, दोन्ही बाजूला वाळू आणि मध्ये झाडं लावलेली. युसुफ सगळा रस्ताभर माझी खेचत होता. "भाऊ, समज बाई निघाली तर?"

"बाईला भेटायला कोण वाळूची गोणी पाठीला बांधतं?"

"वजनदार असेल."

मी त्याला गप्प केला.

जबल हफीत म्हणजे सपाट वाळवंटातून एकदम वर आलेला उघडा डोंगर. झाड नाही, गवत नाही. वर जायला नागमोडी रस्ता. पायथ्याला हिरवळ केलेली आणि तिथे, विश्वास बसणार नाही, गरम पाण्याचे झरे. पाट बांधून पाणी खेळवलंय. आम्ही पिकअप लांब लावली आणि एका भिंतीआड उभे राहिलो. दहाच्या सुमाराला दोघं डोंगरावरून चालत उतरले. पुढे ब्रुनो काठी घेऊन, मागे रामू गोणी घेऊन. पाटावर आले, बूट काढले, दोघांनी पाय गरम पाण्यात सोडले. ब्रुनोनं फ्लास्कमधून काळी कॉफी ओतली, अर्धी त्याला, अर्धी स्वतःला. आणि माझा मुका भाऊ बोलत होता. हात हलवून, हसून, हवेत डोंगर काढून दाखवत होता! मी त्याला गल्फला आणून सहा वर्षं झाली होती. माझ्याशी तो एवढं कधी बोलला नव्हता.

युसुफ शिंकला. रामूनं मान वळवली.

"दादा?"

मग लपण्यात अर्थ नव्हता. मी पुढे झालो, छाती काढून. ब्रुनो उठून उभा राहिला, ओल्या पायानं आला, माझे दोन्ही हात धरले. "ब्रदर! गुड ब्रदर! रामेश वेरी स्ट्राँग. पियानो, पियानो, बट स्ट्राँग." पियानो म्हणजे त्यांच्यात हळूहळू, हे रामूनं सांगितलं.

आणि मग सगळं बाहेर आलं. ब्रुनोचं गाव सिसिली बेटावर, एटना नावाच्या डोंगराच्या अंगावर. तो डोंगर जिवंत ज्वालामुखी. आदल्या वर्षीच्या उन्हाळ्यात फुटला होता, आता नुसता धुमसत होता. ब्रुनोचा मेहुणा तिथे गाइड, लोकांना वर चालत घेऊन जातो. एकदा टेस्टिंगच्या वेळी चहा पिताना रामूनं त्याला आमच्या कुंडाची गोष्ट सांगितली होती. ब्रुनो म्हणाला, मे महिन्यात माझ्याबरोबर चल, माझ्या घरी राहा, तुला जाळ दाखवतो.

"आणि तू हो म्हणालास?"

"हो."

"दोन वर्षांनी सुट्टी मिळते. माणूस आईकडे जातो. तू डोंगराकडे जाणार?"

"आईला विचारलंय. ती म्हणाली, जाऊन ये एकदाचा."

म्हणजे आईला माहीत, ब्रुनोला माहीत. मलाच नाही. का नाही सांगितलं, असं विचारलं तर पाण्यात बघत म्हणाला, "तू नाही म्हणाला असतास, दादा."

बरोबरच होतं. मी नाहीच म्हणालो. पण मी सांगतो मला काय दिसत होतं. हमरियातला ग्राइंडरवाला, हातावर ठिणग्यांचे डाग, ह्याला युरोपचा व्हिसा. कशासाठी? डोंगर चढायला! शेडमधल्या पोरासोरांनासुद्धा माहीत होतं की युरोपात गेलेला कामगार परत येत नाही. आमच्याच कॅम्पमधले दोन पंजाबी टुरिस्ट म्हणून गेले, ते अजून तिकडे हॉटेलात भांडी घासतात, आणि त्यांच्या जामीनदारांना कंपनीनं महिन्याभरात घरी पाठवलं. ब्रुनो भला असेल. पण भल्या माणसाच्या घरातूनही पळता येतं.

व्हिसा झाला. ब्रुनोनं पत्र दिलं, कंपनीनं घरच्या तिकिटाऐवजी तेवढे पैसे द्यायचं कबूल केलं. राहिली जामिनाची सही. रामू खोलीत फॉर्म घेऊन फिरला. सगळ्यांना अचानक बाथरूम लागली. शेवटी माझ्या खाटेशी आला. फॉर्म पुढे केला. 

युसुफ म्हणाला, "भाऊ, इन्शाल्ला येईल परत."

"इन्शाल्लावर व्हिसा राहतो काय?" मी म्हटलं.

मी रामूला विचारलं, "कुलदेवाची शपथ घे. परत येणार?"

"शपथ कशाला? येणार म्हणून सांगतोय ना."

शपथ घेत नाही म्हणजे काय समजायचं माणसानं? तरी मी सही केली. का? सगळी खोली बघत होती. दत्ताराम फोरमन स्वतःच्या भावाला घाबरला, असं मी कुणाला म्हणू दिलं नसतं. सही केली आणि पेन टेबलावर आपटलं. माझाही एक फॉर्म तेव्हा ऑफिसात पडून होता, जूनमध्ये घरी जायचा. सगुणा, माझी बायको, अडीच वर्षं वाट बघत होती, आणि मुलीचा दहावीचा निकाल होता. माझ्या जामिनाची जागा कोरी होती. म्हटलं, रांग तर आहेच, घाई काय.

रामू मेमध्ये एका रविवारी गेला. दहा दिवसांचा करार, पुढच्या आठवड्यातल्या बुधवारी परतीचं विमान, गुरुवारी सकाळी ड्यूटी.

ते दहा दिवस मी कसे काढले ते मला विचारा. त्याची पेटी उघडून बघितली. गरम कपडे नेलेले, ठीक. पण शाळेनं दिलेलं दहावीचं सर्टिफिकेटही नेलेलं! डोंगर चढायला सर्टिफिकेट लागतं? सगुणाला कार्ड फोनवरून सांगितलं तर ती म्हणते, "अहो, भावजी तसे नाहीत." बायकांना सगळे भले दिसतात. कार्ड संपलं.

बुधवार आला. विमानाची वेळ झाली, संध्याकाळ झाली, रामू नाही. कॅम्पच्या जिन्यावर माणसं बसलेली, मी आलो की बोलणं बंद. एकजण तर म्हणाला, "फोरमन, पुढच्या महिन्यात गावी जाणार होतास ना? आता कायमचाच जा."  रात्रीचं ताट मी तसंच युसुफकडे सरकवलं.

गुरुवारी सकाळी ऑफिसात गेलो. तिथे तय्यब, हैदराबादचा. व्हिसाची, पासपोर्टची सगळी कामं त्याच्याकडे. माणूस वाईट नव्हता, कायद्यानं चालणारा होता. त्यानं घड्याळ बघितलं, फाइल उघडली.

"दत्ताराम भाई, नहीं आया ना?"

"येईल. विमान लेट असेल."

"फोन आया?"

"नाही."

तय्यबनं आवाज खाली केला. "देखो, आज एक बजे ऑफिस बंद. कल जुम्मा. शनिवार सुबह मुझे रिपोर्ट देना है. अगर आप खुद आज लिखके दो कि भाग गया, मुझे पता नहीं कहाँ है, तो आप सेफ. नहीं तो आपका नाम भी जाएगा."

मी बाहेर येऊन शेडच्या सावलीला उभा राहिलो. बारा वाजले. सगुणा, मुलीचा निकाल, तेरा वर्षांचा गल्फ, सगळं डोक्यात फिरलं. आणि ते सर्टिफिकेट. माणसाला परत यायचं असतं तर सर्टिफिकेट कशाला नेलं असतं? साडेबाराला आत गेलो. तय्यबनं इंग्लिशमध्ये टाइप केलं, मी सही केली. माझ्या सख्ख्या भावाच्या नावापुढे भागा हुआ. मी कुणाला घाबरत नाही, आणि हे लपवतही नाही. सही माझी होती.

युसुफला कळलं.  रात्री भाकरी मोडताना एवढंच म्हणाला, "सख्ख्या भावाचा जामीन काढून घेतलास. आता तुझा कोण घेणार, भाऊ?"

"तू घेशील."

"मला चार पोरं आहेत," युसुफ म्हणाला.

शुक्रवारी दुपारची नमाज झाली होती. युसुफ बांगडे तळत होता. दारात रामू उभा. दाढी वाढलेली, नाकाचं कातडं सोललेलं, पाठीला बॅग, पायात तेच बूट, पण आता काळे झालेले.

"संप होता," तो म्हणाला. "इटलीत विमानवाल्यांचा. बुधवारी सगळं बंद. एअरपोर्टवर झोपलो. ऑफिसला फोन केला, कोणी उचलला नाही. ब्रुनोनं काल फॅक्स केला ना, मिळाला नाही?"

"कधी केला?"

"सकाळीच. साडेअकराला."

तिकडचे साडेअकरा म्हणजे इकडचे दीड. ऑफिस एकला बंद. मला हे तोंडी गणित लगेच जमलं, पण मी बोललो नाही. आणि त्या पत्राचंही बोललो नाही. उलट मीच आवाज चढवला. "संप! विमानवाले कधी संप करतात काय? आणि सर्टिफिकेट कशाला नेलं होतंस?"

"गुरुजींची सही आहे ना त्याच्यावर." रामूनं ते बॅगेतून काढलं, प्लॅस्टिकमध्ये घातलेलं. "वर घेऊन गेलो होतो. गुरुजी गेले, त्यांना बघायला मिळालं नाही. म्हटलं, निदान सही तरी जाऊ दे."

असलं उत्तर खरं असू शकतं? मी तेव्हा मनात म्हटलं, हे तिकडे बसून पाठ केलंय.

युसुफनं गॅस बंद केला. "ते जाऊ दे. डोंगर सांग."

आणि रामू बोलायला लागला. मी खाटेवर बसून ऐकत होतो, पोलीस ऐकतो तसा. कुठे सापडतो बघत होतो.

पहाटे ब्रुनोच्या मेहुण्यानं नेलं, तो म्हणाला. आधी जीप, मग पायी. बरोबर अजून आठजण, सगळे गोरे. मेहुण्यानं डोक्यावर हेल्मेट दिलं आणि एकच कायदा सांगितला. मी जिथे पाय ठेवतो तिथेच पाय ठेवायचा. बाजूला नाही, पुढे नाही. वर सगळी काळी राख, पायाखाली कुरकुर वाजणारी. दोन पावलं चढलं की एक खाली घसरायचं. वास गंधकाचा, दिवाळीत फटाके उडवल्यावर येतो तो. मागच्या वर्षी वाहिलेला लाव्हारस थिजून काळा झालेला, गाडीच्या इंजिनासारखा. वरून गार, पण भेगेत हात धरला की धग. मेहुण्यानं सुकी काडी भेगेत घातली, ती धुमसायला लागली.

"आणि जाळ?" युसुफनं विचारलं.

"जाळ दिसला नाही. धूर दिसला. पण आवाज आला. खालून." रामूनं जमिनीकडे हात केला. "कुंडाजवळ कान लावला की यायचा ना, दादा, तसाच. फक्त मोठा."

"कुंडातून कसला आवाज यायचा? मला कधी आला नाही."

"तू कधी कान लावलाच नाहीस."

मी, ज्यानं आयुष्यभर व्हॉल्वला कान लावून भाकरी कमावली! 

"वाऱ्यानं एकदम धूर अंगावर आला," रामू पुढे म्हणाला. "दोन हातांवरचं दिसेना. मागचे गोरे ओरडायला लागले. मेहुणा थांबला, हात वर केला, आणि चालायला लागला. हळूहळू. मी त्याच्या बुटांच्या ठशात पाय टाकत गेलो. धुरातून बाहेर आलो. एक सांगतो, त्यानं एकदाही मागे वळून बघितलं नाही मी येतोय का. त्याला माहीतच होतं, मी येणार."

हे मला ऐकवलं होतं काय? त्याच्या तोंडाकडे बघितलं. त्याला पत्राचं माहीत नव्हतं. साध्या मनानं बोलत होता. किंवा तसं दाखवत होता.

मग त्यानं बॅगेतून टॉवेल काढला आणि टॉवेलातून दगड. मुठीएवढा. काळा, भोकाभोकांचा.

"तिथून उचलला. मेहुण्याला विचारून. तुझ्यासाठी."

मी हातात घेतला आणि मला आतून एकदम त्याची चोरी सापडल्यासारखं झालं. "अरे, हा तर आपल्याकडचा काळा कातळ! आपल्या विहिरीच्या काठावर पडलेत असले. तू गावाला जाऊन आलास काय? नाहीतर इथल्याच खोर फक्कानच्या रस्त्यावरचा उचललास. तिकडे पण काळेच डोंगर आहेत."

 रामू माझ्याकडे बघत राहिला, आणि मग त्याचा चेहरा उजळला. मला वाटलं होतं रागावेल.

"तेच ब्रुनो म्हणाला, दादा! आपल्याकडचा सगळा काळा कातळ असाच आहे. ह्याच आगीचा, लाखो वर्षांपूर्वीचा. आपण ज्वालामुखीवरच जन्मलो. गुरुजींनी सांगितलं होतं, पण तेव्हा खरं वाटलं नाही."

युसुफनं दगड घेतला, उलटसुलट केला, वास घेतला. "बांगड्याचा वास येतोय," म्हणाला. त्याच्याच हाताचा होता. सगळे हसले. मी नाही. रामूनं मला जेवायला वाढलं. मी जेवलो. 

दुसऱ्या दिवशी सकाळी, शनिवारी, साडेसातला आम्ही दोघं ऑफिसात गेलो. मी म्हटलं होतं, तू शेडमध्ये जा, पासपोर्ट मी जमा करतो. तो म्हणाला, नाही, माझा पासपोर्ट मीच देणार. वाटेत पत्राचं सांगायला पाहिजे होतं. पन्नास पावलांचा रस्ता. नाही जमलं.

तय्यब आमच्या आधी आलेला. फॅक्सच्या मशीनमधून अर्धा बाहेर आलेला कागद त्यानं काढला, वाचला, आणि कपाळाला हात लावला. टेबलावर माझं पत्र होतं. त्यानं फॅक्स त्याच्या शेजारी ठेवला. "गुरुवार, एक बजके बत्तीस मिनट," तो म्हणाला. "अल्हमदुलिल्लाह, रिपोर्ट अभी दिया नहीं."

रामूनं पासपोर्ट ठेवला. मग त्याची नजर पत्रावर गेली. स्वतःचं नाव दिसलं, खाली माझी सही दिसली. माझी सही तो ओळखतो, मोठी, मराठीत. त्यानं एका शब्दावर बोट ठेवलं.

"तय्यबभाई, इसका मतलब?"

तय्यबनं माझ्याकडे बघितलं. मीच सांगितलं. "पळून गेला."

रामूनं मान हलवली. दोनदा. तय्यबनं लाल पेनानं पत्रावर आडवी रेघ मारली, तारीख घातली. फाडता येत नव्हतं, नंबर पडलेला होता. ते अजून फाइलमध्ये असेल.

मग तय्यबनं दुसरा कागद काढला. "दत्ताराम भाई, आपका जून का फॉर्म. जामीन खाली है. अब कौन साइन करेगा?" टोमणा नव्हता, तो खरंच विचारत होता. मी भिंतीकडे बघत होतो. एवढ्या वर्षांत पहिल्यांदा मला बाथरूमला जावंसं वाटलं.

रामूनं फॉर्म ओढून घेतला. एसीच्या वाऱ्यानं तो उडायला लागला. त्यानं खिशातून तो काळा दगड काढला आणि कागदाच्या कोपऱ्यावर ठेवला. मी काल तो नको म्हणून खाटेवर टाकला होता, त्यानं परत घेतला असावा. जामीनदाराचं नाव लिहिलं. नात्याच्या रकान्यात लिहिलं, सख्खा भाऊ. तय्यब म्हणाला, इंग्लिशमध्ये लिहा. त्यानं तेही लिहिलं. सही केली.

"परत येणार ना?" एवढंच विचारलं त्यानं मला.

"येणार," मी म्हटलं.

शपथ त्यानं मागितली नाही.

ड्यूटीचा सायरन झाला. मी दार ढकललं आणि शेडकडे चालायला लागलो. वळून बघायची फार इच्छा होती. नाही बघितलं. मागून त्या जड बुटांचा आवाज येत होता.